ॲक्टिव्हेटर टाकल्यापासून डिफेंडर गप्प आहे. नुसतं फॉरमॅट मारून भागेल का?

झेरॉक्सताई_मानेवाडा

नमस्कार. नागपूरला मानेवाडा रोडवर माझं झेरॉक्स-डीटीपीचं दुकान आहे, १४ वर्षं झाली. चार कॉम्प्युटर. दोन टायपिंगचे, एक स्कॅनिंग-प्रिंटिंगचा आणि एक माझा स्वतःचा, ज्यावर बिलं, जीएसटी आणि बँक चालते. थिसिस, कोर्टाचे कागद, बायोडाटा, लग्नपत्रिका, येईल ते काम घेते. डिसेंबरात अधिवेशन लागलं की निवेदनांचा पाऊस पडते. मोर्चेवाले रात्री अकराला शटर वाजवतात, "ताई, सकाळी मंत्र्यांच्या हातात द्यायचं आहे, चाळीस कॉप्या." म्हणजे माझ्याकडे जेमतेम तीन आठवडे आहेत, हे धरून उत्तर द्या.

झालं असं की दिवाळीच्या आधी वर्डच्या वर पट्टी यायला लागली, तुमचं ऑफिस अस्सल नाही म्हणून. खोटं कशाला बोलू, नव्हतंच. कॉम्प्युटर जोडून देणाऱ्याने जे टाकून दिलं ते मी इतकी वर्षं वापरलं. नणदेचा मुलगा इंजिनिअरिंगला आहे. तो म्हणाला, "मामी, दोन मिनिटांचं काम." कुठून तरी ॲक्टिव्हेटरची, म्हणजे नकली ऑफिसला अस्सल भासवणाऱ्या टूलची, झिप फाइल उतरवली. तिला पासवर्ड होता आणि तो शेजारीच लिहिलेला होता, १२३४. तेव्हाच माझ्या मनात आलं, ज्या कुलपाची किल्ली दारालाच टांगलेली आहे ते कुलूप लावलं तरी कशाला? पण बोलले नाही. मग त्याने डिफेंडर, म्हणजे विंडोजचा स्वतःचा अँटिव्हायरस, बंद केला, काळी खिडकी उघडली, भराभर इंग्रजी पळालं, खाली हिरव्या अक्षरात सक्सेसफुल. पट्टी गेली. मी खूश. त्याला तर्री-पोहे खाऊ घातले आणि चारही मशीनवर तेच करून घेतलं.

आठ-दहा दिवसांनी माझ्या फेसबुकवरून गॉगलच्या जाहिराती जायला लागल्या. मला ना ओटीपी आला, ना कुणाला मी पासवर्ड दिला. जीमेलनेही दाखवलं की भलत्याच ठिकाणाहून लॉगिन झालं. डिफेंडर मी चालू करते, थोड्या वेळाने बघते तर पुन्हा बंद. भाचा म्हणतो त्याचा याच्याशी काही संबंध नाही.

तर हे त्यामुळेच झालं का? फॉरमॅट मारलं की संपलं का? आणि चार खरी ऑफिसं एकदम घ्यायची माझी ऐपत नाही, तर काय करू? रागवायचं असेल तर रागवा, पण उत्तरही द्या.

बर्डीचा_बंटी

काही होत नाही ताई. मी सहा वर्षांपासून वापरून राहिलो, माझं एक रुपयाचं नुकसान नाही झालं. अँटिव्हायरस ॲक्टिव्हेटरला व्हायरस म्हणणारच ना बे, त्यायचा धंदा आहे तो. फेसबुक तर कोणाचंही हॅक होते. पासवर्ड बदला अन् निवांत राहा.

रिटायर्ड_स्क्रूड्रायव्हर

ताई, आधी एक काम करा, मग पुढचं वाचा. चारही मशीनची नेटची वायर काढा, वायफाय बंद करा. काढली? आता बसून वाचा.

मी बर्डीवर वीस वर्षं कॉम्प्युटर जोडले. "सगळं टाकून देतो" हे वाक्य मी किती गिऱ्हाइकांना बोललो याचा हिशोब नाही. तेव्हा शिव्या द्यायच्या झाल्या तर पहिल्या मला पडतील.

हे ॲक्टिव्हेटर चालते कसं ते समजून घ्या, म्हणजे डिफेंडर का बंद करावा लागला ते कळेल. मायक्रोसॉफ्टची केएमएस नावाची पद्धत आहे, मोठ्या ऑफिसांसाठी. समजा हिंगण्याच्या एमआयडीसीतला कारखाना आहे, तीनशे कॉम्प्युटर. प्रत्येकात वेगळी चावी टाकण्यापेक्षा ते आपल्याच इमारतीत एक सर्व्हर ठेवतात. मशीन त्याला विचारते, मी चालू का? तो हो म्हणते. ती परवानगी १८० दिवस टिकते आणि मशीन दर ७ दिवसांनी नव्याने विचारत राहते. ऑफिससाठी विचारणारी मशीनं निदान ५ असावी लागतात, विंडोजसाठी २५. हे सगळं कायदेशीर, पैसे मोजून घेतलेलं.

ॲक्टिव्हेटर काय करते? तुमच्याच मशीनमध्ये एक खोटा बाबू बसवते, जो सगळ्यालाच हो म्हणते. हा बाबू एकदा ठप्पा मारून घरी जात नाही. परवानगी संपत राहते म्हणून त्याला तिथेच मुक्काम करावा लागते. सर्व्हिस म्हणून किंवा टास्क शेड्युलरमध्ये (ठरल्या वेळी प्रोग्रॅम चालवणाऱ्या विंडोजच्या यादीत) नोंद करून, मशीन चालू झालं की तोही उठते. त्याला ॲडमिनचे सगळे अधिकार लागतात आणि राखणदाराला बाहेर काढावं लागते. भाच्याने तुमच्यादेखत दोन्ही केलं. आता त्या झिपमध्ये बाबूसोबत अजून कोण बसून आलं, हे बघायला घरात कोणी राहिलंच नाही.

पासवर्डची झिप त्याचसाठी असते. कुलूपबंद झिप उतरताना ब्राउझरला किंवा अँटिव्हायरसला आतमध्ये डोकावता येत नाही. तुम्हाला जे खटकलं ते बरोबर खटकलं.

बंटीभाऊ, तुमचं अर्धं खरं आहे. नुसत्या ॲक्टिव्हेटरलाही अँटिव्हायरस नावं ठेवते. पण म्हणूनच चोराचं फावते. व्हायरस आहे म्हणणारच, दुर्लक्ष करा, असं सांगून ठेवलं की खरा व्हायरस आला तरी माणूस दुर्लक्षच करते. डिसेंबर २०२१ मध्ये रेड कॅनरी नावाच्या सुरक्षा कंपनीने लिहिलं होतं की केएमएसपिको या ॲक्टिव्हेटरच्या नावाखाली जी इन्स्टॉलर वाटली जात होती, त्यात क्रिप्टबॉट नावाचा चोर प्रोग्रॅम निघाला. ॲक्टिव्हेशनही होते आणि मागून ब्राउझरमधले पासवर्ड, कुकी, क्रिप्टोची पाकिटं उचलली जातात. माणसाला वाटते, काम तर झालं. असल्या टूलची खरी साइट कोणती, खोटी कोणती, हे ठरवणारं कोणी नाही. चोरबाजारात ब्रँड बघून माल घेतल्यासारखं आहे.

ताई, ओटीपी का आला नाही त्याचं उत्तर कुकीत आहे. तुम्ही ब्राउझरमध्ये एकदा लॉगिन केलं की साइट एक चिठ्ठी ठेवते, ही बाई ओळखीची आहे म्हणून. ती चिठ्ठीच चोरली तर पासवर्डही लागत नाही, ओटीपीही नाही. तुमच्या मशीनच्या आत जाऊन मी पाहिलं नाही, तरी लक्षणं तीच आहेत.

आता माझा किस्सा. २०१९. काँग्रेसनगरला एक अकाउंटंट साहेब होते. नवीन मशीन मी दिली, ऑफिस मीच "टाकून दिलं". काही महिन्यांनी पट्टी आली म्हणून त्यांच्या पोराने माझ्यासारखंच काहीतरी नेटवरून उतरवलं. स्क्रीनवर विंडोज अपडेटसारखी खिडकी आली, पोरगं चहा प्यायला गेलं. परत आलं तर प्रत्येक एक्सेल फाइलच्या नावाला भलतंच शेपूट आणि फोल्डरात रीडमी नावाची चिठ्ठी: ९८० डॉलर द्या, ७२ तासांच्या आत बोललात तर अर्धे, ४९०. स्टॉप-डिजव्हू म्हणतात त्याला, फाइलींना कुलूप लावून पैसे मागणारं, क्रॅक आणि ॲक्टिव्हेटरच्या वाटेनेच पसरणारं. साहेब मला म्हणाले, बॅकअप आहे ना! होता. बॅकअपची हार्डडिस्क मीच सोयीसाठी कायमची यूएसबीला लावून ठेवली होती. तिच्यातलंही सगळं गेलं. त्या ऑक्टोबरात एमसिसॉफ्ट या सुरक्षा कंपनीने फुकट सोडवणूक टूल काढलं, पण त्यात ज्यांची फाइल ऑफलाइन चावीने (चोराच्या सर्व्हरशी संपर्क न होता लागलेल्या ठरावीक चावीने) किंवा जुन्या प्रकारात अडकली त्यांचीच सुटते. साहेबांची नाही सुटली. त्यांनी एक शब्द वाईट बोलला नाही, त्यानेच जास्त लागलं. तेव्हापासून मी कोणाच्या मशीनवर असलं काही टाकलं नाही.

तुमच्या फाइली उघडत आहेत ना? मग आजच, नेट बंद ठेवून, डॉक्युमेंट, पीडीएफ, फोटो एवढंच एका रिकाम्या हार्डडिस्कवर घ्या आणि ती काढून कपाटात ठेवा. कोणतीही सेटअप फाइल, झिप, ईएक्सई घेऊ नका. मग विंडोज सिक्युरिटीत जा, व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन, मॅनेज सेटिंग्ज, अगदी खाली एक्सक्लुजन्स, म्हणजे डिफेंडरने काय तपासायचं नाही त्याची यादी. काय दिसते ते इथे सांगा.

झेरॉक्सताई_मानेवाडा

बाप्पा! आता बघितलं. चारपैकी तीन मशीनवर एक्सक्लुजनमध्ये फक्त एकच ओळ आहे, सी ड्राइव्ह. म्हणजे पूर्ण सी ड्राइव्ह बघूच नको असं डिफेंडरला सांगून ठेवलं आहे? भाच्याला फोन केला, तो म्हणतो मी फक्त एक फोल्डर टाकला होता. टास्क शेड्युलरमध्ये पण दोन नावं आहेत जी कुठल्याच प्रोग्रॅमची वाटत नाहीत.

माझ्या बँकेच्या मशीनवर क्रोममध्ये पासवर्ड सेव्ह होते. आणि स्कॅनिंगच्या मशीनवर गिऱ्हाइकांची आधार कार्डं आहेत, दोन वर्षांची. "ताई, राहू द्या ना, पुढच्या वेळी कामी येईल" म्हणतात लोक, म्हणून मी काढली नव्हती. हे आठवल्यापासून पोटात गोळा आहे.

रिटायर्ड_स्क्रूड्रायव्हर

तर मग साफ करायच्या भानगडीत पडू नका, सरळ फॉरमॅट. पूर्ण सी ड्राइव्ह वगळलेला असला म्हणजे स्कॅन "काही सापडलं नाही" म्हणेल आणि तुम्ही विश्वास ठेवाल.

पण क्रम चुकवू नका. लोक आधी त्याच मशीनवर बसून पासवर्ड बदलतात, म्हणजे नवा पासवर्डही चोराच्या हातात. फोनवरून बदला. आधी जीमेल, कारण बाकीच्यांचे पासवर्ड त्याच्यावरच रीसेट होतात. मग बँक, मग जीएसटी, मग फेसबुक. प्रत्येक ठिकाणी "सगळ्या डिव्हाइसवरून साइन आउट" करा, नाहीतर जुन्या चिठ्ठ्या चालूच राहतात. बँकेचं स्टेटमेंट बघा. एक रुपयाही अनोळखी गेला असेल तर वाट न पाहता १९३० ला फोन आणि राष्ट्रीय सायबर क्राइम पोर्टलवर तक्रार.

विंडोजचा पेनड्राइव्ह तुमच्या दुकानात बनवू नका. दुसऱ्याच्या चांगल्या मशीनवर, मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साइटवरून उतरवून बनवा. विंडोज मशीनसोबत ओरिजिनल आलं असेल तर चिंता नाही, फॉरमॅटनंतर नेट लावलं की आपोआप ओळखते. गिऱ्हाइकांचे पेनड्राइव्ह या महिन्यात लावले असतील तेही ध्यानात घ्या.

आणि अजून एक. पाचशे रुपयांत लाइफटाइम ऑफिसची चावी म्हणून जे मेसेज येतात त्यात पडू नका. बहुतेक वेळा ती कुठल्या तरी कंपनीची ठोक चावी फोडून विकलेली असते. चालते, आणि एक दिवस बंद पडते. मग विकणारा फोन उचलत नाही.

काळा_कोट_सिव्हिल_लाइन्स

कायद्याचं थोडक्यात सांगतो, कारण ताईंचं दुकान आहे, घर नाही. कॉपीराइट कायदा १९५७, कलम ६३ बी. नकली प्रत आहे हे माहीत असून कॉम्प्युटर प्रोग्रॅम वापरला तर कमीत कमी ७ दिवस, जास्तीत जास्त ३ वर्षं कैद आणि दंड ५० हजार ते २ लाख. धंद्यासाठी किंवा नफ्यासाठी वापर नसेल तर कोर्ट कैद न देता ५० हजारांपर्यंत दंडावर सोडू शकते. दुकानाला ही सवलत मिळणं कठीण. "माहीत असून" हा शब्द महत्त्वाचा आहे, आणि ताई, वरची तुमची पोस्ट वाचून तो मुद्दा लढवायला मला जड जाईल. (गंमत केली.)

गंभीरपणे: आधार कार्डांचे स्कॅन आजच पुसा. काम झालं की गिऱ्हाइकासमोर डिलीट, हा नियम करा.

बर्डीचा_बंटी

कोर्टातले अर्धे टायपिस्ट काय वापरतात ते पण सांगा ना वकीलसाहेब.

काळा_कोट_सिव्हिल_लाइन्स

ते मला विचारू नका, मला रोज तिथेच जायचं आहे.

रेमिंग्टनवाले_गुरुजी

पैशाच्या प्रश्नावर कोणी बोललं नाही म्हणून लिहितो. मी टायपिंग इन्स्टिट्यूट चालवायचो. आता आमच्या वाचनालयाचं काम लिबरऑफिसवर करतो, पाच वर्षं झाली. २०१० मध्ये ओपनऑफिसपासून वेगळं निघालेलं, फुकट, धंद्यालाही चालते, मेन्यूसुद्धा मराठीत करता येतात. निवेदनं, अर्ज, बायोडाटा, पत्रिका यांच्यासाठी तुम्हाला दुसरं काही लागणार नाही. शेवटी गिऱ्हाइकाला कागद किंवा पीडीएफच द्यायचा असतो.

तुमची खरी अडचण क्रुतिदेवची असेल. फॉन्ट मशीनवर टाकलेला असला तर जुन्या फाइली उघडतात. क्रुतिदेव म्हणजे आतून इंग्रजी अक्षरंच, वरून मराठी मुखवटा. त्यामुळे लिबरऑफिस त्याला वेस्टर्न फॉन्ट समजते. युनिकोड मराठीचा फॉन्ट वेगळ्या खान्यात, कॉम्प्लेक्स टेक्स्ट लेआउटमध्ये निवडावा लागते. हे न कळल्यामुळे लोक फॉन्ट बदलतात, काहीच बदलत नाही, आणि सॉफ्टवेअरला शिव्या देतात. पहिल्या दिवशी ऑटोकरेक्ट बंद करा. वाक्याचं पहिलं अक्षर ते आपोआप कॅपिटल करते आणि क्रुतिदेवमध्ये कॅपिटल म्हणजे दुसरंच अक्षर.

थिसिसचं मात्र सांभाळा. विद्यार्थी वर्डमध्ये आणतो, गाइड वर्डमध्ये दुरुस्त्या करतात, तळटीपा आणि तक्ते इकडेतिकडे होतात. त्यासाठी एक, फक्त एक मशीन खऱ्या ऑफिसची ठेवा. घेताना धंद्याला चालणारी आवृत्ती घ्या, होम अँड स्टुडंट नावाची घरच्या वापरासाठी असते. आणि कोणी तुम्हाला ऑफिस २०१६ किंवा २०१९ स्वस्तात देतो म्हणाला तर घेऊ नका, त्या दोघांची सुरक्षा अपडेट १४ ऑक्टोबर २०२५ ला बंद झाली.

एक विचारू का? मराठी फॉन्टच्या सॉफ्टवेअरचं डोंगल तुम्ही विकत घेतलं होतं ना?

झेरॉक्सताई_मानेवाडा

घेतलं होतं गुरुजी. दुकान टाकलं तेव्हा, सोन्याच्या बांगडीवर. डोंगल काढलं की टायपिंग बंद, म्हणून घ्यावंच लागलं. ऑफिसला डोंगल नव्हतं, एवढाच काय तो फरक. बरोबर पकडलं तुम्ही.

काय काय झालं ते सांगते. दुकान दोन दिवस बंद ठेवलं, बाहेर "मशीन दुरुस्ती" लिहिलं. पासवर्ड सगळे फोनवरून बदलले. जीमेलमध्ये तीन अनोळखी डिव्हाइस निघाली, फेसबुकचं पेज अजून परत मिळालं नाही. बँकेतून काही गेलं नाही, देवाची कृपा. तरी मॅनेजरांना जाऊन सांगून आले.

भाचा स्वतः आला. तोंड एवढंसं. त्याने होस्टेलवर अजून सहा जणांना तेच टाकून दिलं होतं. त्याला मी काही बोलले नाही, चारही मशीन फॉरमॅट करायला बसवलं आणि पेनड्राइव्ह माझ्या भावाच्या ऑफिसातून बनवून आणायला लावला. या वेळी पोहे नाही दिले, चहा दिला.

सगळ्यात अवघड फोन एका थिसिसच्या मॅडमना करायचा होता. सहा वर्षांचं काम त्यांचं, आणि त्यांचा पेनड्राइव्ह दिवाळीच्या आठवड्यात माझ्या मशीनला तीनदा लागला होता. सांगितलं, "मॅडम, घरी लावायच्या आधी स्कॅन करा, चूक माझी आहे." त्या क्षणभर गप्प. मग म्हणाल्या, फाइनल प्रिंट दुसरीकडे काढीन. काढा म्हटलं. काय बोलणार?

आता तीन मशीनवर लिबरऑफिस, थिसिसच्या मशीनवर खरं ऑफिस, बिल माझ्या नावाचं. आधारचे स्कॅन सगळे पुसले.

गुरुजी, एकच राहिलं. पहिलं अक्षर कॅपिटल होणं थांबलं, पण "महाराष्ट्र शासन" टाइप केलं की श अजून बिघडते. प्रत्येक निवेदनाच्या पहिल्या ओळीतच शासन आहे हो. हे कुठून बंद करू?

रेमिंग्टनवाले_गुरुजी

क्रुतिदेवमध्ये श आणि ष अवतरणचिन्हांच्या कळीवर आहेत. लिबरऑफिस सरळ चिन्ह वाकडं करते, म्हणून घोळ. टूल्स, ऑटोकरेक्ट ऑप्शन्स, त्यात लोकलाइज्ड ऑप्शन्स. सिंगल आणि डबल, दोन्ही कोट्सच्या रिप्लेसची खूण काढा. तिन्ही मशीनवर वेगवेगळं करावं लागेल.